बाजारबुणगे

मराठीत ‘बाजारबुणगे’ हा शब्द शिवीसारखा वापरला जातो. सभेला गर्दी झाली, पण कामाची माणसे आली नाहीत, की वक्ता म्हणतो, सगळे बाजारबुणगेच जमलेत. पानिपतच्या पराभवाची कारणे सांगताना शाळेच्या वहीपासून जाडजूड कादंबरीपर्यंत फौजेबरोबरचे बुणगे हे एक ठरलेले कारण असते. सेनापती चुकला, मित्र फितुरले आणि बुणग्यांनी अन्न खाल्ले. पण बुणगा म्हणजे कोण? लष्कराच्या मागून चालणारा, हातात हत्यार नसलेला माणूस. दाणागोटा वाहणारा, घोड्यासाठी गवत कापणारा, पखालीने पाणी पाजणारा, डोली उचलणारा, तंबूच्या खुंट्या ठोकणारा, मेलेले जनावर ओढून नेणारा आणि साऱ्या छावणीचा मैला साफ करणारा. त्याच्यावाचून फौज एक मजल पुढे जाऊ शकत नव्हती. तरी भाषेने त्याचे नाव निकामी माणसाला देऊन टाकले. ज्या समाजाने कष्टालाच विटाळ मानले त्याच्या भाषेत असे शब्द तयार होतात, याचे आपल्याला नवल वाटण्याचे कारण नाही.

गेली काही वर्षे मी इंग्रजी अमदानीतल्या लष्करी मोहिमांची आणि प्रवासांची पुस्तके वाचत आलो आहे. करवीर नगर वाचन मंदिर हे १८५० सालचे ग्रंथालय आमच्या गावात आहे, विद्यापीठाचे ग्रंथालय आहे. वाचणाऱ्याला सोय आहे. पण मला या पुस्तकांकडे ढकलले ते विद्यार्थ्यांनी. दरवर्षी डिसेंबर संपत आला की भीमा कोरेगावला निघालेली पोरे विचारतात, “सर, तिकडं आपले लोक कंपनीच्या बाजूनं लढले, मग समोरचे आपल्याला गद्दार म्हणतात त्याला काय उत्तर द्यायचं?” १ जानेवारी २०१८ ला, लढाईला दोनशे वर्षे झाली त्या दिवशी, तिथे जे दगड पडले, जाळपोळ झाली, त्यानंतर हा प्रश्न नुसता वादविवाद स्पर्धेतला राहिलेला नाही. उत्तर द्यायचे तर आधी पुस्तके वाचायला हवीत. आणि ही पुस्तके आपल्यासाठी लिहिलेली नाहीत, हे लक्षात ठेवून वाचायला हवीत.

या पुस्तकांची एक ठरलेली घडण आहे. साहेब विलायतेत परततो, पेन्शन घेतो आणि आठवणी लिहितो. पहिल्या पानावर नकाशा असतो, शेवटी परिशिष्टात पलटणींची यादी. मधे कूच, मुक्काम, हवा, शिकार, वेढा, सुरुंग, विजय. ब्लॅकरचे १८१७ ते १८१९ च्या मराठा युद्धावरचे पुस्तक १८२१ साली निघाले. ब्लॅकर मद्रासच्या सैन्याचा क्वार्टरमास्टर जनरल होता, म्हणजे मुक्काम, रस्ते, नद्यांचे उतार यांचा हिशेब ठेवणारा अधिकारी. अशा माणसाच्या पुस्तकात तरी बैलामागचा माणूस दिसावा, ही अपेक्षा चुकीची नाही. दिसतो, पण बैलांबरोबर दिसतो. इतके बैल, इतके हत्ती, इतकी मागची माणसे. साहेबाचे नाव, त्याचा हुद्दा, तो कोणत्या तारखेला जखमी झाला, हे सारे एका बाजूला आणि ही बेरीज दुसऱ्या बाजूला.

याच युद्धाच्या तोंडावर, नोव्हेंबर १८१७ मध्ये, गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जच्या मोठ्या फौजेत बुंदेलखंडात पटकी शिरली. आठवडाभरात लढणारे ७६४ सैनिक मेले आणि मागची माणसे सुमारे ८,००० मेली, असे त्या काळचे वृत्तान्त सांगतात. हे दोन आकडे शेजारी ठेवून पाहावेत. पहिला शेवटच्या माणसापर्यंत मोजलेला आहे. दुसरा गोल आहे. सैनिकाचे नाव हजेरीपटावर असते, त्याचा पगार थांबवायचा असतो, कुटुंबाला काही द्यायचे असेल तर तेही त्याच पटावरून ठरते. म्हणून तो मोजावा लागतो. मागच्या माणसाला असा पट नव्हता, तेव्हा त्याचे मरण अंदाजानेच लिहिले जायचे. पटकी पाण्यातून पसरते हे तेव्हा कोणाला ठाऊक नव्हते. पण छावणीत सगळ्यांच्या शेवटी, सगळ्यात गढूळ पाणी कोणाच्या वाट्याला येत असेल, हे सांगायला वैद्यकशास्त्राची गरज नाही.

ही गोल आकड्याची रीत शतकभर टिकली. १८६८ च्या ॲबिसिनिया मोहिमेत मुंबईहून बोटी भरून नेपियरची फौज गेली. सैनिक सुमारे १३,०००, बाकीची माणसे सुमारे २६,०००, म्हणजे एका बंदुकीमागे दोन बिनबंदुकीचे. या मोहिमेवर मार्कहॅम आणि होझियर यांनी लगेच १८६९ साली पुस्तके काढली, त्या एवढ्याशा लढाईवर कपाटभर मजकूर झाला. हत्ती नेले होते त्यांचेही कौतुक झाले. १८८० साली रॉबर्ट्स काबूलहून कंदाहारला गेला, तेव्हा दहा हजार सैनिकांमागे आठ हजारांच्या आसपास मागची माणसे होती. १९१६ च्या एप्रिलात मेसोपोटेमियात कुट येथे टाउनशेंड तुर्कांना शरण गेला, तेव्हा हाती लागलेल्या सुमारे १३,००० माणसांत तीन हजारांवर हिंदी नोकर-चाकर होते: भिस्ती, भंगी, स्वैपाकी, सईस, डोलीवाले. या वेढ्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. आपल्या पश्चिम महाराष्ट्रातली आणि कोकणातली पोरे त्यांत होती. टाउनशेंडने १९२० साली पुस्तक लिहून आपली बाजू मांडली, सँडेस, माउस्ली अशा अधिकाऱ्यांनी कैदेच्या आठवणी लिहिल्या. त्या वाचण्यासारख्या आहेत. भूक काय असते ते कळते. पण कुटमधल्या भिस्त्याने लिहिलेले एक पान आपल्याजवळ नाही. वेढ्यात पाणी तैग्रिस नदीवरूनच आणावे लागे आणि पलीकडच्या काठावरून गोळ्या येत. ते पाणी आणणाऱ्याच्या जागी उभे राहून लिहिलेला इतिहास कसा झाला असता, याचा विचार ही पुस्तके वाचताना माझ्या मनातून जात नाही.

शोधप्रवासांची गोष्टही हीच आहे. आफ्रिकेतला लिव्हिंग्स्टन जगाला माहीत आहे. १८७३ साली तो मेल्यावर त्याचे शव शेकडो कोस समुद्रापर्यंत वाहून आणणाऱ्यांत जेकब वेनराईट होता, आणि हा वेनराईट आपल्या नाशिकजवळच्या शरणपूरच्या मिशन शाळेत शिकलेला, गुलामीतून सोडवलेला आफ्रिकन मुलगा. त्याने स्वतःची वही लिहिली. लिव्हिंग्स्टनची अखेरची टिपणे १८७४ साली थाटात छापली गेली. वेनराईटच्या वहीचे जर्मन भाषांतर त्याच साली आले, पण मूळ इंग्रजी वही लोकांपुढे यायला २०१९ साल उजाडले. वाहणाऱ्याला लिहिता येत असले तरी त्याचे वाचायला जगाला एवढा वेळ लागतो. मग ज्यांना अक्षरच शिकू दिले नाही, त्यांचे काय?

आता कोल्हापूरकडे येऊ. आमच्या संस्थानावर इंग्रजांनी बरेच लिहिले. ग्रॅहॅमचा जाडा सांख्यिकी अहवाल १८५४ चा. ले ग्रँड जेकबचे ‘वेस्टर्न इंडिया बिफोर अँड ड्युरिंग द म्यूटिनीज’ १८७१ चे. (सिंधमधला प्रसिद्ध जॉन जेकब तो हा नव्हे, दोघे चुलतभाऊ. त्या जॉनबद्दल पुढे सांगायचे आहे.) कोल्हापूरच्या माणसाला ले ग्रँड जेकबचे पुस्तक वाचताना अंगावर काटा येतो. ३१ जुलै १८५७ ला इथली २७ वी पलटण उठली, जेकब भर पावसात आला, पलटण नि:शस्त्र केली, माणसे तोफेच्या तोंडी दिली. ६ डिसेंबरला शहरातल्या लोकांनी वेशी बंद केल्या, तेव्हा त्याने वेस उडवून शहर घेतले. राजाचा धाकटा भाऊ चिमासाहेब याला कराचीला नेऊन ठेवले आणि तो तिकडेच वारला. जेकब हे सारे थंडपणे लिहितो. चिमासाहेबांवर कोल्हापुरात प्रेम आहे आणि ते रास्त आहे. पण जेकबच्या पुस्तकावर आमच्याकडे जे लिहिले-बोलले जाते त्यात सारी भांडाभांड राजवाड्याची असते: राजाला ठाऊक होते का, भाऊ सामील होता का, कोणत्या सरदाराने दगा दिला. तोफेच्या तोंडी गेलेल्या शिपायांची गावे कोणती, जाती कोणत्या, हा प्रश्न कोणी काढत नाही.

त्याच्याही आधीचे १८४४ चे गडकऱ्यांचे बंड घ्या. हे प्रकरण मला फार महत्त्वाचे वाटते, म्हणून इथे थोडा थांबतो. सामानगड, भुदरगड, पन्हाळा, विशाळगड या किल्ल्यांवर वंशपरंपरेने शिबंदीची चाकरी करणारे ते गडकरी. चाकरीच्या बदल्यात त्यांना किल्ल्याच्या आसपास इनाम जमीन असे. इंग्रजांच्या देखरेखीखाली कारभार गेल्यावर या जमिनी मामलेदारांच्या ताब्यात देण्याचा घाट घातला गेला. पोटावर पाय आला तसे गडकरी उठले. पॉलिटिकल अधिकारी ओव्हान्स यालाच त्यांनी धरून पन्हाळ्यावर कोंडले. ऑक्टोबरात सामानगड पडला, १ डिसेंबर १८४४ ला पन्हाळा तोफांनी फोडून घेतला, आणि पुढे या किल्ल्यांचे तट-बुरूज पाडले गेले. आज सहलीला जाणारी मुले पन्हाळ्याचा पडका भाग पाहतात तेव्हा त्यांना ही हकिकत क्वचितच कोणी सांगते.

हे गडकरी कोण होते? मराठ्यांच्या शौर्याची गोष्ट म्हणून हे बंड सांगितले जाते. पण खुद्द ग्रँट डफ, साताऱ्याला रेसिडेंट राहिलेला, १८२६ साली आपल्या मराठ्यांच्या इतिहासात किल्ल्याच्या बंदोबस्ताचे वर्णन करताना गडकऱ्यांत ब्राह्मण, मराठे, रामोशी, महार आणि मांग या सगळ्यांची नावे घेतो. त्यांना वंशपरंपरेने इनाम जमिनी होत्या हेही सांगतो. आणि कामाची वाटणी सांगतो: रामोशी आणि परवारी, म्हणजे महार, यांचे काम गडाच्या बाहेर. त्यांनी वाटांवर पाळत ठेवायची, बातमी आणायची, चौकशी करत आलेल्याला चुकवायचे, मागे राहिलेल्या शत्रूला कापून काढायचे. म्हणजे शत्रू आला की पहिला वार ज्याच्यावर पडणार तो तटाच्या बाहेर, आणि किल्ल्या ज्याच्या कमरेला तो आत. गावाबाहेरचा महारवाडा आणि गडाबाहेरचा मेट यांत मला एकच आखणी दिसते.

पण दुसरी गोष्टही तितकीच खरी आहे. महार आणि मांग हे ‘गडकरी’ होते. तो हुद्दा त्यांचा होता, ती इनाम जमीन त्यांची होती. मग १८४४ साली ज्यांची जमीन गेली त्यांत तेही असणार आणि जे उठले त्यांत तेही असले पाहिजेत. माझ्या वाचनात आलेल्या मराठी पुस्तकांनी या बाजूने पाहिलेले नाही. ग्रँट डफचे मराठी भाषांतर कॅप्टन केपनने १८२९-३० च्या सुमारास केले, म्हणजे हा मजकूर मराठी वाचणाऱ्याच्या हाती दोनशे वर्षांपासून आहे. नीलकंठ जनार्दन कीर्तन्यांनी विद्यार्थी असताना १८६७-६८ साली ग्रँट डफवर टीका लिहिली आणि साहेबाला प्रश्न विचारण्याची वाट घालून दिली. ती वाट मोठी झाली, तिच्यावरून पुढे मोठमोठे इतिहाससंशोधक गेले. साहेबाने रामदासांना काय म्हटले, शिवाजी महाराजांना काय म्हटले, याची झाडाझडती झाली. त्याने महार-मांगांना गडकरी म्हटले होते, तेवढे वाक्य मात्र कोणी पुढे नेले नाही. साहेबाचे खोटे खोडायला आपले पंडित तत्पर होते. त्याचे खरे त्यांना नको होते.

कोरेगावचा प्रश्न या पार्श्वभूमीवर पाहावा. १ जानेवारी १८१८. स्टॉंटनच्या हाताखाली मुंबई पायदळाच्या पहिल्या रेजिमेंटची दुसरी पलटण, सुमारे ५०० माणसे, अडीच-तीनशे घोडेस्वार, दोन तोफा आणि मद्रासचे गोलंदाज. शिरूरहून रात्रभर चालून आलेले. पुस्तके शौर्याच्या गोष्टी सांगतात, पण मला त्या वर्णनातली एकच बाब चटका लावते: तहान. भीमा पलीकडेच वाहते आहे आणि दिवसभर लढणाऱ्यांना पाण्यापर्यंत जाता येत नाही. अंधार पडल्यावर गोळीबार थांबला तेव्हा कुठे पाणी मिळाले. नंतर उभारलेल्या स्तंभावर कंपनीच्या बाजूने पडलेल्या ४९ जणांची नावे आहेत. त्यांपैकी २२, शेवटी ‘नाक’ लागणारी, महारांची मानली जातात. बुणग्याच्या नाही, शिपायाच्या वाट्याला आलेली ही नावे. गावाने ज्याला नुसते ‘महारा’ म्हणून हाक मारली त्याचे नाव दगडावर कोरले गेले, ही घटना साहेबाच्या मतलबासाठी घडली असली तरी घडली. बाबासाहेब १ जानेवारी १९२७ ला तिथे गेले. त्यानंतर अवघ्या अडीच महिन्यांनी, २० मार्चला, ते महाडला चवदार तळ्याच्या पाण्यात उतरले. या दोन तारखा मी वर्गात नेहमी एकाच ओळीत लिहितो.

आता गद्दारीबद्दल. मला वाटते, हा आरोप करणारे आणि त्याला घाईघाईने उत्तर देणारे आपले काही कार्यकर्ते, दोघेही एकाच पद्धतीची पुस्तके वाचून बोलतात. आरोप करणाऱ्याच्या मनात १८१८ साली ‘राष्ट्र’ नावाची वस्तू तयार आहे. पेशव्यांच्या बाजूने त्या दिवशी अरब आणि गोसावी लढत होते, कंपनीच्या बाजूने मद्रासचे गोलंदाज होते. पोटासाठी हत्यार धरणारे दोन्हीकडे. महार पेशवाईच्या बाजूनेही लढले आहेत. आमच्या शेजारच्या कळंबीच्या सिदनाकाची हकिकत या भागात अजून सांगितली जाते: खर्ड्याच्या लढाईत, १७९५ साली, पटवर्धनांच्या फौजेत त्याचा तंबू इतरांच्या तंबूंत नको म्हणून तक्रार झाली, आणि त्यानेच पुढे परशुरामभाऊंचा जीव वाचवला. हकिकतीत पिढ्यांनी भर घातली असेल. पण तंबूची तक्रार कोणाला कल्पनेतून सुचत नाही. ज्या राज्यात लढायला चालतो पण तंबू लांब हवा, त्या राज्याशी इमान का राखले नाही, असे कोणी विचारले तर उलट विचारावे: इमान कोणत्या तंबूत राहत होते?

पण आपल्या बाजूने जी पत्रके निघतात त्यांतही मला एक खोट दिसते. ती साहेबाच्या पुस्तकातला विजय तसाच उचलतात. आकडे फुगवतात, पाचशेच्या पाचशे महार करतात. मग कंपनी जणू अस्पृश्यांच्या मुक्तीसाठी पुण्यावर चालून आली होती असे चित्र होते. साहेब आपला मुक्तिदाता नव्हता. याचा पुरावा साहेबाच्याच पुस्तकात आहे, आणि तो पत्रकांत येत नाही.

१८५७ नंतर मुंबईच्या फौजेचे अधिकारी अभिमानाने सांगत, आमच्या पलटणीत ब्राह्मण आणि परवारी खांद्याला खांदा लावून उभे राहतात, म्हणून इथे बंगालसारखे घडले नाही. तो सिंधचा जॉन जेकब यात पुढे होता. १८५८ साली छापलेल्या त्याच्या लेखांत हा मुद्दा पुन:पुन्हा येतो. जात छावणीच्या बाहेर ठेवता येते, हे त्याने डोळ्यांनी पाहिले होते. अन् मग काय झाले? १८८० साली मैवंदला अफगाणांनी इंग्रज फौजेचा पराभव केला. त्या फौजेत मुंबईच्या पलटणी होत्या. त्यानंतर रॉबर्ट्स कंदाहारला विजयी पोचला. १८८५ ते १८९३ तो हिंदुस्थानचा सरसेनापती होता आणि १८९७ साली त्याने ‘फॉर्टी-वन इयर्स इन इंडिया’ हे दोन खंड काढले. लढाऊ जाती उत्तरेकडच्या, मुंबई-मद्रासचे शिपाई दीर्घ शांततेने मऊ पडले, असे हे तत्त्वज्ञान. १८९२ च्या सुमारास महारांची भरती बंद झाली. ज्यांच्या नावांचा दगड उभा केला त्यांनाच साहेबाने ‘लढाऊ नाहीत’ म्हणून घरी पाठवले. रॉबर्ट्सच्या पुस्तकाच्या आवृत्त्यांमागून आवृत्त्या निघाल्या. मनुस्मृतीने आपले जेवढे नुकसान केले तेवढे या पुस्तकाने केले असे मी म्हणणार नाही, पण पोटावर मारलेला पाय त्याच जातीचा होता: जन्मावरून लायकी ठरवण्याचा. उत्तरेकडच्या धिप्पाड शिपायावर भाळलेला साहेब आणि सोवळ्यातला भटजी यांचे या एका मुद्द्यावर एकमत झाले.

भरती बंद होणे म्हणजे काय, हे ज्यांना कळत नाही त्यांनी पलटणीतल्या शाळेचा विचार करावा. गावच्या शाळेत ज्यांना ओटीवर बसू दिले नाही, त्यांची मुले पलटणीच्या शाळेत शिकत होती. सुभेदार रामजी सकपाळ अशाच लष्करी शाळेत हेडमास्तर होते. पगार, पेन्शन, अक्षर हे सारे एका हुकमाने गेले. मग आपल्या माणसांनी लिहायला सुरुवात केली, आणि काय लिहिले? पेन्शनर हवालदार गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ साली अर्ज तयार केला. शिवराम जानबा कांबळ्यांनी १९०३ आणि १९१० साली अर्ज केले. आम्ही अमुक लढाईत होतो, आमच्या बापजाद्यांनी सरकारसाठी रक्त सांडले, आम्हाला पुन्हा भरतीत घ्या. मी या अर्जांना आपले पहिले मोहीम-वाङ्मय मानतो. साहेबाने ज्या लढायांवर ग्रंथ लिहिले त्याच लढाया इथे दरखास्तीच्या भाषेत, मायबाप सरकारला उद्देशून येतात. वाङ्मयाच्या इतिहासात त्यांना जागा नाही, कारण आपले समीक्षक अर्जाला वाङ्मय म्हणत नाहीत. पहिल्या महायुद्धात माणसे कमी पडली तेव्हा १९१७ साली १११ वी महार पलटण उभी केली, काम झाल्यावर १९२१ साली मोडली. १९४१ साली बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली ती पुन्हा युद्धामुळेच. बाबासाहेबांनी ‘अनटचेबल्स अँड द पॅक्स ब्रिटानिका’ या लेखात या साऱ्याचा हिशेब साहेबासमोर मांडला आहे: तुमचे राज्य अस्पृश्यांच्या फौजेने जिंकून दिले आणि त्याबदल्यात तुम्ही काय केले? कोरेगावला जाणाऱ्या प्रत्येक तरुणाने स्तंभाबरोबर हा लेखही वाचावा. त्यात कृतज्ञता नाही, वसुली आहे.

प्रवासवर्णनांबद्दल दोन शब्द सांगायचे राहिले. मराठीत गोडसेभटजींचा ‘माझा प्रवास’ सगळ्यांना प्रिय आहे. वरसईचा हा भिक्षुक ब्राह्मण कर्ज फेडायला दक्षिणेच्या आशेने उत्तरेत गेला आणि १८५७-५८ च्या धामधुमीत सापडला, झाशीचा वेढा त्याने आतून पाहिला. पुस्तक १९०७ साली चिंतामणराव वैद्यांनी आपल्या हाताने दुरुस्त करून छापले. मूळ लिखाण दत्तो वामन पोतदारांनी १९६६ साली पुढे आणले. पुस्तक फार चांगले आहे, आणि ते राजाचे नव्हे, गरिबाचे आहे, हे मी मान्य करतो. पण हा गरीबसुद्धा भयंकर लुटालुटीनंतर गंगेची कावड घेऊन घरी पोचतो. त्याचे गरीबपण आणि आपले गरीबपण यांत ती कावड आहे. आमच्या राजाराम महाराजांची १८७० ची युरोपची रोजनिशी घ्या. विशीतला राजा फ्लॉरेन्सला ३० नोव्हेंबरला वारला, आर्नो नदीकाठी त्याचे दहन झाले, तिथे स्मारकही आहे. ती रोजनिशी १८७२ साली लंडनहून प्रसिद्ध झाली, संपादक कॅप्टन वेस्ट, महाराजांबरोबर गेलेला इंग्रज अधिकारी. राजाची वही जिथे साहेबाच्या हातून छापली जाते, तिथे पालखीच्या भोयाने कोणाकडे जावे?

साहेबाच्या प्रवासवर्णनात ‘गाईड’ येतो. तो बहुधा गावचा वेसकर महार असतो. मुक्कामाला गवत-लाकूड आणायचे, सामान डोक्यावर घ्यायचे, पुढच्या गावाच्या शिवेपर्यंत वाट दाखवायची. तिथे दुसऱ्या गावचा महार उभा असे. अशी शिवेशिवेवर बदलत जाणारी माणसांची साखळी सगळ्या मुलखात होती. तिला वतन म्हणत, तिचे खरे नाव वेठ. साहेब म्हणतो, या देशात प्रवास किती सुखाचा! शाहू महाराजांनी कोल्हापुरात १९१८ साली महार वतने खालसा करून जमिनी रयताव्याने महारांच्या नावे केल्या, १९२० साली वेठबिगार बंद केली. तेव्हा या साखळीची आमच्याकडची कडी तुटली. प्रवासवर्णनाचा इतिहास लिहिणाऱ्याने हे हुकूमही वाङ्मयाचे साधन म्हणून वाचले पाहिजेत.

आणि या सगळ्या पुस्तकांच्या शेजारी बाबासाहेबांचे ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ ठेवावे. तेही प्रवासवर्णनच आहे. १९०१ साली साताऱ्याहून गोरेगावला वडिलांकडे निघालेली नीटनेटके कपडे घातलेली मुले मसूर स्टेशनवर उतरतात. जात कळताच स्टेशनमास्तरचा चेहरा बदलतो. गाडीवान दुप्पट भाडे घेऊनही गाडी हाकायला तयार नसतो, मुलांनीच हाकायची आणि त्याने बाजूने चालायचे. जवळ जेवण आहे, पण पाणी नाही म्हणून रात्रभर उपाशी. १९३४ साली तेच बाबासाहेब, आता बॅरिस्टर, गोलमेज परिषदेला जाऊन आलेले, दौलताबादचा किल्ला पाहायला जातात आणि हौदाचे पाणी विटाळले म्हणून गर्दी अंगावर येते. शेवटी पाण्याला शिवू नयेत म्हणून बरोबर हत्यारबंद शिपाई देऊन किल्ला दाखवला जातो. किल्ल्यांवर हौसेने भटकणाऱ्यांनी लिहिलेल्या शेकडो पानांत असे एक पान नाही. साहेबाला वाळवंटातसुद्धा पाणी मिळते, कारण मागे भिस्ती असतो. बाबासाहेबांना नदीनाल्यांच्या साताऱ्यात मिळत नाही. मोहिमांची आणि प्रवासांची पुस्तके वाचायची तर त्यांतले पाणी कोण आणतो आणि कोणाला मिळते, एवढे पाहत जावे. अर्धे पुस्तक त्यातच उलगडते.

विद्यार्थ्यांना माझी सूचना साधी आहे. एम.ए., पीएच.डी.साठी विषय शोधत फिरताना कोल्हापूरच्या पुरालेखागाराकडे पाहा. किल्ल्यांच्या शिबंदीचे, इनामांचे, वतनांचे कागद मोडीत असतात. मोडी शिकायला दोन-तीन महिने पुरतात. ती देवघरातली विद्या नाही. १८४४ पूर्वीच्या सामानगडच्या, भुदरगडच्या गडकऱ्यांत ‘नाक’ लागणारी नावे किती, त्यांची इनाम जमीन कोणत्या गावात होती आणि ती पुढे कोणाच्या सात-बारावर चढली, हे शोधायचे आहे. गेल्या वर्षी गडहिंग्लज भागातल्या दोन मुलींनी मोडीचा वर्ग लावला. सामानगड त्यांच्या घराच्या दारातून दिसतो.